धोटा

शाळेच्या स्मरणिकेसाठी काही लिहून द्यावे, असा निरोप आला तेव्हा माझ्या टेबलावर एक लाकडी वस्तू होती. दीड वीत लांबीची, होडीच्या आकाराची, मधोमध पोकळ आणि दोन्ही टोकांना पोलाद बसवलेली. हाताळून हाताळून तिचे लाकूड काळपट आणि गुळगुळीत झालेले. कापड गिरणीत काम केलेली माणसे तिला क्षणात ओळखतील. हा मागावरचा धोटा. उभ्या धाग्यांमधून आडवा धागा घेऊन जो अहोरात्र इकडून तिकडे धावतो, तो.

शाळेच्या आठवणी माझ्यापाशी पुष्कळ आहेत. पहाटेची वंदना, विहिरीवरची रांग, कंदिलाभोवती बसून केलेला अभ्यास यांवर माझ्या वर्गमित्रांनी यापूर्वी लिहिले आहे आणि माझ्यापेक्षा चांगले लिहिले आहे. म्हणून या वेळी या धोट्याविषयी लिहावे असे ठरवले. आमच्या घरातील तीन पिढ्या या वस्तूशी बांधलेल्या होत्या. त्यातून मी एकटा सुटलो तो या शाळेमुळे. सुटलो, असे म्हणताना मनाला समाधान वाटते आणि थोडी टोचणीही लागते. ती टोचणी इथे मांडली नाही तर हा लेख खरा होणार नाही.

मी १९७३ साली पाचवीच्या वर्गात दाखल झालो. त्या काळी शाहू मिलचा भोंगा कोल्हापूरच्या घड्याळासारखा होता. भोंगा झाला की गावातल्या बायका चुलीवरचा तवा उतरवीत आणि पुरुष सायकली बाहेर काढीत. सुट्टीत घरी गेलो की त्या भोंग्याने मला जाग येई. अण्णा, म्हणजे माझे वडील, त्याच्या आधीच उठलेले असत. रात्रपाळी करून आले की त्यांच्या भुवयांवर आणि कानांच्या पाळ्यांवर कापसाचे पांढरे तंतू असत. लहानपणी मला वाटे, अण्णा रोज रात्री म्हातारे होतात आणि अंघोळ केली की पुन्हा तरुण होतात. ते घरात फार मोठ्याने बोलत. मागांच्या आवाजात अनेक वर्षे काढलेल्या माणसाला कमी ऐकू येते, आणि तो समोरच्याच्या ओठांकडे पाहून बोलणे ओळखतो, हे मला पुष्कळ उशिरा कळले.

श्री शाहू छत्रपती स्पिनिंग अँड विव्हिंग मिलची पायाभरणी राजर्षी शाहू महाराजांनी १९०६ साली केली. १८९५ साली शाहूपुरी वसवून गुळाची पेठ उभी करणाऱ्या राजाने कापसाचे सूत आणि सुताचे कापड आपल्याच संस्थानात व्हावे, असा विचार करावा, हे स्वाभाविक होते. मला महत्त्वाचे वाटते ते वेगळेच. १९०१ साली कोल्हापुरात वसतिगृहांची सुरुवात झाली. १९०८ साली अस्पृश्य विद्यार्थ्यांसाठी मिस क्लार्क वसतिगृह निघाले. त्या दोहोंच्या मध्ये गिरणीचा पाया घातला गेला. पोटाला काम आणि डोक्याला शिक्षण या दोन्ही गोष्टी एकाच माणसाने, एकाच दशकात, एकाच गावात सुरू केल्या. कोटीतीर्थ तलावाशेजारची ती दगडी गिरणी आणि गावातली ती वसतिगृहे ही माझ्या मते एकाच विचाराची दोन अंगे होती.

गिरणी पुढे महाराष्ट्र राज्य वस्त्रोद्योग महामंडळाकडे गेली आणि २००३ साली बंद पडली. ही केवळ कोल्हापूरची कहाणी नव्हे. १८ जानेवारी १९८२ रोजी मुंबईत सुरू झालेल्या गिरणी संपात सुमारे अडीच लाख कामगार उतरले होते. त्यांतील किती जण पुन्हा कामावर चढलेच नाहीत, हे आपल्या प्रत्येकाच्या नात्यागोत्यात मोजून पाहावे. ज्या आवारांत भोंगे वाजत होते तेथे आज काचेचे मनोरे आहेत. शाहू मिलच्या २७ एकर जागेचे काय करावे, यावर तर वर्षानुवर्षे नुसती चर्चा झाली. कुणी वस्त्रोद्योगाचे संकुल म्हटले, कुणी महाराजांचे स्मारक म्हटले.

अण्णा त्यापूर्वीच, १९९४ साली, निवृत्त झाले होते. गिरणी बंद झाली तेव्हा तिथे माझा धाकटा भाऊ होता. तो १९८५ साली बदली कामगार म्हणून सूतकताईच्या खात्यात लागला होता. भरलेल्या बॉबिना काढायच्या आणि रिकाम्या चढवायच्या, हे काम तो अठरा वर्षे करीत राहिला. त्या कामात त्याच्या बोटांचा हात धरणारे कुणी नव्हते, असे अण्णा अभिमानाने सांगत. मात्र गिरणीबाहेर त्या बोटांना कुणी काम देईना. काही दिवस त्याने लक्ष्मीपुरीत हातगाडी लावली. मग एका गृहसंकुलाच्या दारावर रखवालदार झाला. आजही तो तेथेच आहे.

आता टोचणीविषयी. मी शाळेत आलो त्या वर्षी घरातून एकालाच पाठवणे शक्य होते. कपडे, वह्या, येण्याजाण्याचे पैसे, आणि मुख्य म्हणजे आईच्या हाताखाली एक तरी मूल हवे होते. मी मोठा म्हणून मी आलो. भाऊ गावच्या शाळेत राहिला आणि दहावीला अडकला. मी येथून आयटीआयला गेलो, टर्नर झालो, पुढे शिल्प निदेशक म्हणून ३० वर्षे मुलांना लेथ शिकवला. भावाने मला या गोष्टीवरून कधी एक शब्दही ऐकवला नाही. म्हणूनच ती मला विसरता आली नाही.

निदेशक असताना उद्यमनगरच्या वर्कशॉपांत माझे सतत जाणे असे. एकेकाळी तेथे शेतीच्या पंपासाठी ऑइल इंजिने तयार होत. खेडोपाडी वीज पोहोचली, विजेचे पंप आले, आणि त्या इंजिनांची मागणी आटली. तरीही उद्यमनगर उठून गेले नाही. इंजिन करणारे हात वाहनांचे सुटे भाग करू लागले. फौंड्रीच्या भट्ट्या पेटत्या राहिल्या. तेथील मिस्त्रींना धातू कळत होता, माप कळत होते, एका यंत्राचे ज्ञान दुसऱ्या यंत्रावर कसे न्यावे हे कळत होते. माझ्या भावाला मात्र अठरा वर्षांत एका यंत्राचा एक तुकडा शिकवला गेला. ते यंत्र उभे आहे तोवरच त्या शिक्षणाला किंमत होती. यंत्र मोडले की त्याचे बीड भट्टीत जाऊन नवे रूप घेते. त्या यंत्रापाशी उभ्या असलेल्या माणसाला नवे रूप घेण्याची सोय कुणी केलेली नसते. मुलांना शिकवताना हे मी दर वर्षी सांगत आलो. भावाचे नाव न घेता.

चार-पाच वर्षांपूर्वी इचलकरंजीहून माझ्या एका जुन्या विद्यार्थ्याचा फोन आला. त्याच्या शेडमधील जुने माग काढून टाकायचे होते. ‘सर, आयटीआयच्या उपयोगाचे काही असेल तर बघून जा,’ असे तो म्हणाला. इचलकरंजीत पहिला यंत्रमाग विठ्ठलराव दातारांनी १९०४ साली आणला, म्हणजे शाहू मिलच्याही दोन वर्षे आधी. त्यातून पुढे या गावाला महाराष्ट्राचे मँचेस्टर म्हणू लागले. आता तेथे धोटा नसलेले, वेगवान, स्वयंचलित माग आले आहेत, आणि जुने माग किलोच्या भावाने भंगारात जात आहेत.

मी पोहोचलो तेव्हा दोन मजूर मागाच्या बिडाच्या चौकटी घणाने फोडीत होते. बीड वाकत नाही, तुटते. प्रत्येक घावाला घंटेसारखा नाद होई आणि मग एक तुकडा खाली पडे. कोपऱ्यात धोट्यांचा ढीग होता. त्याचे काय करणार, असे विचारले तेव्हा मजूर म्हणाला, ‘पाणी तापवायला नेतात, सायेब. लाकूड लई टणक. निखारा टिकतोय.’ मी त्यातला एक उचलला. त्याचे पैसे घ्यायला माझा विद्यार्थी तयार होईना.

घरी आल्यावर तो मी अण्णांच्या हातात दिला. त्यांचे वय तेव्हा पंच्याऐंशीच्या पुढे होते. नजर अधू झाली होती. त्यांनी धोट्यावरून अंगठा फिरवला, बाजूचे बारीक छिद्र चाचपले आणि काही कळायच्या आत ते छिद्र ओठांना लावून जोराने श्वास आत ओढला. मग त्यांनाच हसू आले. हसता हसता खोकल्याची उबळ आली. ती बराच वेळ थांबली नाही.

ज्यांना हे ठाऊक नाही त्यांच्यासाठी थोडे सांगतो. धोट्याच्या पोटात सुताची कांडी बसवलेली असते. कांडी संपली की विणकराने नवी बसवायची आणि तिच्या सुताचे टोक त्या बारीक छिद्रातून बाहेर काढायचे. बोटाने ते निघत नाही. छिद्राला बाहेरून तोंड लावून श्वास ओढला की टोक झटकन बाहेर येते. पाळीभर हे पुन्हा पुन्हा करायचे. पाळी बदलली की तोच धोटा दुसऱ्याच्या हाती आणि दुसऱ्याच्या तोंडी.

आणि नेमक्या याच कारणासाठी मुंबईच्या गिरण्यांत अस्पृश्य कामगारांना विणकामाच्या खात्याचे दार बंद होते. आम्ही तोंड लावलेला धोटा इतर जण तोंडाला लावणार नाहीत, एवढेच कारण. विणकराला कताईखात्यापेक्षा अधिक मजुरी मिळे; म्हणजे हा विटाळ महिन्याच्या पगारातही मोजता येत होता. १९२८ च्या गिरणी संपाच्या वेळी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी हा प्रश्न कामगार पुढाऱ्यांसमोर ठेवला आणि ही बंदी उठवण्याची मागणी संपाच्या मागण्यांत असली पाहिजे, असा आग्रह धरला. पुढे १९३८ साली मनमाडच्या कामगार परिषदेत त्यांनी ब्राह्मणशाही आणि भांडवलशाही हे कामगारांचे दोन शत्रू सांगितले. त्यांतला पहिला शत्रू गिरणीच्या आत, कामगारांच्या रांगेतच उभा होता, हे त्यांना या धोट्याने दाखवले होते.

माझे आजोबा परळच्या बाजूला एका गिरणीत जवळजवळ ३० वर्षे होते. त्रासनखात्यात. साचाखात्याच्या दारावरून ते रोज दोनदा जात. आत पाऊल टाकण्याची वेळ त्यांच्यावर कधी आली नाही.

अण्णा १९५८ साली शाहू मिलमध्ये लागले. नागपूरच्या धम्मदीक्षेला दोन वर्षे झाली होती. त्यांना साच्यावर काम मिळाले. पहिल्या दिवसाची हकिगत त्यांनी मला त्या संध्याकाळी, आयुष्यात प्रथमच सांगितली. ‘कांडी संपली. मी धोटा तोंडाला लावला, दोरा काढला, साचा चालू केला. कुणी काही बोललं नाही. पाळी सुटली, सगळे गेले. मी दाराशी थांबलो. मला बघायचं होतं, माझ्या साच्यावर दुसऱ्या पाळीचा माणूस काय करतो ते. त्याची कांडी संपली. त्यानं तोच धोटा उचलला आणि सरळ तोंडाला लावला.’

‘त्याला माहीत होतं का, तुम्ही कोण ते?’

‘कुणास ठाऊक. मी कधी इचारलं न्हाई.’

त्या रविवारी अण्णा गावी गेले आणि हे आजोबांना सांगितले. आजोबांनी एकच प्रश्न केला, ‘पुसून घेतला काय त्यानं?’ अण्णा म्हणाले, ‘न्हाई.’ त्यावर म्हातारा उठला आणि परड्यात जाऊन बराच वेळ एकटाच बसला.

मी भारावून ऐकत होतो. तेव्हा अण्णांनी धोटा माझ्या पुढ्यात ठेवला आणि म्हणाले, ‘पण एक ध्यानात ठेव. तोंड लावायचा हक्क मिळाला तसा ह्यातला कापूसबी मिळाला. हा खोकला कुठनं आला म्हणतोस?’

ते वाक्य माझ्या मनातून गेले नाही. मी पेशाने यंत्राचा माणूस. जगभरच्या विणकरांनी धोट्याला तोंड लावले आहे. इंग्लंडमधील लँकेशायरच्या गिरण्यांत या क्रियेला धोट्याचे चुंबन म्हणत. तेथे भीती होती ती क्षयाची आणि एकाच्या तोंडातून दुसऱ्याच्या तोंडात जाणाऱ्या रोगांची. अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्स राज्याने १९११ साली अशा धोट्यांवर कायद्याने बंदी घातली. तोंड न लावता दोरा ओवता येईल असा धोटा त्यापूर्वीच, एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस, तेथील स्वयंचलित मागावर आलेला होता. म्हणजे ज्या काळात जगात अन्यत्र हा धोटा आरोग्याला घातक म्हणून बदलला जात होता, त्याच काळात आपल्याकडे तो कोणी तोंडाला लावायचा, यावर माणसांची वाटणी चालली होती. तेथे धोटा बदलला. येथे धोटा तोच ठेवला आणि माणसे बाहेर ठेवली.

एके दिवशी मी जुन्या सायकलच्या आऱ्याचा तुकडा घेतला, कानशीने त्याचे टोक बारीक केले आणि त्याला छोटा आकडा काढला. त्या आकड्याने धोट्याच्या छिद्रातून सूत ओढून पाहिले. पहिल्या खेपेस निसटले, दुसऱ्या खेपेस आले. तोंडाने काढण्यापेक्षा चार-सहा सेकंद जास्त लागली असतील. कापडाच्या वारावर मजुरी असलेल्या विणकराला तेवढी सेकंदेही परवडत नव्हती, हे मला मान्य आहे. पण त्या चार-सहा सेकंदांची किंमत कुणी मोजली असती, तर माझ्या आजोबांना दार बंद झाले नसते आणि माझ्या वडिलांच्या छातीत थोडा कमी कापूस गेला असता. आकड्याला लागलेला वेळ अर्धा तास. खर्च शून्य.

६ मे २०२२ रोजी राजर्षी शाहू महाराजांच्या स्मृतिदिनाला १०० वर्षे झाली. सकाळी १० वाजता १०० सेकंद सारे कोल्हापूर जिथल्या तिथे उभे राहिले. त्या कृतज्ञता पर्वात शाहू मिलचे आवार लोकांसाठी खुले होते. मी अण्णांना घेऊन गेलो. भावालाही चल म्हटले. तो म्हणाला, ‘तुम्ही बघायला जाताय, दादा. मी तिथं कामाला जात होतो. मला नगं.’ मी आग्रह केला नाही.

आम्ही ज्या दालनापर्यंत गेलो तेथे यंत्र नव्हते. फरशीवर यंत्रांच्या पायांच्या खुणा तेवढ्या होत्या. अण्णा काठी टेकत त्या खुणांमधून चालले, एके ठिकाणी थांबले, डावीकडे पाहिले, उजवीकडे पाहिले आणि मोठ्याने, साऱ्या दालनात घुमेल अशा आवाजात म्हणाले, ‘किती शांत आहे रे!’ त्यांना आयुष्यात प्रथमच तेथे स्वतःचा आवाज ऐकू आला असावा. बाहेर महाराजांच्या छायाचित्रांपाशी शाळकरी मुलांची रांग होती. त्या रांगेत वसतिगृहातली मुले किती असतील, असा विचार माझ्या मनात आला. महाराजांनी सुरू केलेल्या दोन कामांपैकी एक थांबले आहे. दुसरे, अनेक नावांनी आणि अनेक हातांनी, अजून चालू आहे. आपली शाळा त्यांतलीच एक.

अण्णा पुढच्या वर्षी गेले. जाण्यापूर्वी मी त्यांना सांगितले होते की हा धोटा मी शाळेला देणार आहे. काचेच्या कपाटात ठेवतील. त्यांनी मान हलवली. ‘काचेत नको. पोरांच्या हातात दे. छिद्र दाखव. पण तोंडाला लावू देऊ नकोस.’

त्यांच्या सांगण्याप्रमाणे या स्मरणिकेच्या प्रकाशनादिवशी मी तो शाळेच्या स्वाधीन करीत आहे. सोबत तो तारेचा आकडाही आहे. आजच्या विद्यार्थ्यांना माझे एवढेच सांगणे आहे की तुम्हांला पुढे जी यंत्रे भेटतील ती या धोट्याइतकी साधी नसतील. काही तर डोळ्यांना दिसणारही नाहीत. कुठलेही यंत्र हाती आले की तीन गोष्टी विचारा. ते चालवताना कुणाला बाहेर ठेवले आहे, चालवणाऱ्याच्या शरीरात काय जात आहे, आणि ते बंद पडले तर त्याच्याकडे दुसरे काय उरणार आहे. कुणी म्हणाले की यंत्रच असे आहे, त्याला इलाज नाही, तर लगेच मान्य करू नका. कदाचित एक आकडा पुरेल.

आणि पालकांना एक विनंती. घरातून एकालाच पाठवता येईल, असे वाटत असेल, तर संस्थेच्या कार्यालयात येऊन एकदा बोला. माझ्या वडिलांना त्या वेळी तसे विचारता येते हे ठाऊक नव्हते. गेल्या महिन्यात माझ्या भावाची नात पाचवीसाठी दाखल झाली; तिचा धाकटा भाऊ दोन वर्षांनी येईल. अर्जावर पालक म्हणून सही माझ्या भावाने केली. सही करताना त्याची बोटे किती सफाईने चालतात, हे मी बऱ्याच वर्षांनी पाहिले.